पेज जेवायची असते

पेज म्हटलं की घाटावरच्या माणसाच्या डोळ्यांपुढे तापाने पडलेला माणूस येतो. मी साताऱ्याकडची. आमच्याकडे कुणाचं पोट बिघडलं की सकाळच्या भातात दोन तांबे पाणी ओतायचं, पळीने घोटायचं, चिमूटभर मीठ टाकायचं आणि वाटी आजाऱ्यापुढे ठेवायची. माणूस उठून बसला की पेज बंद, भाकरी सुरू. लग्न होऊन कुडाळ तालुक्यातल्या घरात आले आणि पहिल्याच पावसाळ्यात बघितलं, की सकाळी सातपासून लावणीच्या चिखलात वाकलेली धडधाकट माणसं दहा-साडेदहाला बांधावर येऊन बसली आणि घरातून त्यांच्यासाठी टोपभर पेज गेली. कुणी आजारी नव्हतं. उलट ज्यांना दुपारपर्यंत पुन्हा वाकायचं होतं, त्यांचंच ते जेवण होतं.

सासूबाईंना मी आई म्हणते. त्या माझ्याशी बोलताना अर्धं मालवणी, अर्धं शुद्ध बोलतात. पण चुलीपाशी बसल्या की सगळं मालवणीच. मी त्या दिवशी वाटी तोंडाला लावायला गेले तेव्हा म्हणाल्या, "पेज पियाची नाय गो, जेवची." आणि खरंच, ती जेवावीच लागते. वरचं दाटसर पाणी, खाली अख्खं, फुललेलं, तरी दाताखाली लागणारं शीत, आणि बाजूला काहीतरी खारट, तिखट, आंबट. हे सगळं एकत्र पोटात गेलं की दोन-अडीच तास भूक आठवत नाही, अंग जडही होत नाही. भाकरी खाऊन लगेच वाकून बघा, मग फरक कळेल. घामावाटे गेलेलं पाणी आणि मीठ एकाच वाटीतून परत मिळतं, हे शेतात काम करणाऱ्याला कुणी समजावून सांगावं लागत नाही.

तेव्हापासून पेज माझ्याही घरची झाली. आता आम्ही पुण्यात असतो, पण पावसाळा लागला की आठवड्यातून एकदोनदा तरी सकाळी पेज होतेच. ती कशी होते ते सांगते. आणि त्याआधी तांदळाबद्दल सांगते, कारण पेजेचं निम्मं काम तांदूळ घरात येण्याआधीच झालेलं असतं.

ही पेज उकड्या तांदळाची. साध्या तांदळाची करता येते, पण तो पदार्थच वेगळा. आंबेमोहोर किंवा इंद्रायणी भरपूर पाण्यात शिजवला की दाणा विरघळून जातो आणि मऊ, चिकट, सुवासिक असा गुरगुट्या भात तयार होतो. तूप-मेतकूट घातलेला गुरगुट्या मला जिवापाड आवडतो, पण त्याला मी पेज म्हणणार नाही. पेजेत शीत आणि पाणी दोन्ही वेगवेगळं ओळखू यायला हवं. तासभर उकळत्या पाण्यात राहून अंग न सोडणारा दाणा त्यासाठी हवा, आणि तो उकड्याचाच.

हा तांदूळ कसा होतो ते बघायला मी मुद्दाम नोव्हेंबरच्या शेवटी रजा काढून गावी गेले होते. कापणी, झोडणी उरकून भात कणगीत गेलं की आई चांगल्या उन्हाचा एक आठवडा हेरून ठेवतात. आभाळ भरून आलं तर काम पुढे ढकलायचं, कारण उकडलेलं भात वाळलं नाही तर त्याला वास धरतो आणि तो वास कितीही धुतलं तरी जात नाही.

परसात तीन चिरे मांडून चूल केली होती. संध्याकाळी तांब्याच्या मोठ्या हंड्यात पाणी तापत ठेवलं आणि त्यात टरफलासकट भात ओतलं. पोकळ दाणे, म्हणजे पळिंज, वर तरंगून आलं; ते आईंनी सुपलीने अलगद काढून टाकलं. पाण्याच्या कडेने बारीक बुडबुडे यायला लागले तसा त्यांनी जाळ ओढून घेतला. रात्रभर भात त्याच गरम पाण्यात राहिलं. सकाळी त्या पाण्याला आंबूस वास येत होता आणि रंग चहासारखा झाला होता. ते सगळं उपसून काढलं, तळाला थोडंसं नवं पाणी ठेवलं, वरून ओलं गोणपाट झाकलं आणि पुन्हा जाळ घातला. आता काम वाफेचं. मधूनमधून गोणपाटाचा कोपरा उचलून आई वरचे दाणे बघत होत्या. मलाही बघायला लावलं. तोवर मिटलेलं टरफल टोकाशी चिरल्यासारखं फुटतं आणि आतला तांबूस दाणा डोकावतो. वरच्या थरातलं भात असं फुटलं की खालचं झालेलंच असतं. लगेच हंडा उतरवायचा. अजून ठेवलं तर दाणा पूर्ण फुटून बाहेर येतो आणि मग गिरणीत त्याचं पीठ होतं.

हे वाफाळतं भात आधी पडवीत पसरून निथळवतात. थेट कडक उन्हात टाकलं तर दाण्याला तडे जातात. दुसऱ्या दिवसापासून सारवलेल्या खळ्यात ऊन. दिवसातून चार-पाच वेळा त्यात पाय ओढत चालायचं, म्हणजे पायांनी सऱ्या पडतात आणि खालचं भात वर येतं. ते काम माझ्याकडे होतं. टोकदार टरफलं तळव्यांना टोचतात, पण अर्ध्या तासात त्याचं काही वाटेनासं होतं, आणि भात किती वाळलंय ते पायांनाच समजायला लागतं. शेवटची परीक्षा मात्र दाताची. मूठभर दाणे तळव्यांत चोळायचे, टरफल काढून एक दाणा दाढेखाली धरायचा. कट्‌ असा कोरडा आवाज आला आणि दाणा दुभंगला तर गिरणीची तयारी. चेपला तर अजून एक ऊन. फार वाळवलं तर गिरणीत कणी जास्त निघते, म्हणून तिकडेही लक्ष.

गिरणीत आई स्वतः जातात. 'एकदाच काढ, पांढरो करू नुको' हे सांगायला. वरचा तांबडा थर जेवढा राहील तेवढा त्यांना हवा असतो. पूर्वी घरात घिरट होतं, भात त्यावर भरडायचे आणि मग ओसरीतल्या व्हायनात मुसळाने कांडायचे. व्हायन अजून आहे, त्यात आता कोपऱ्यातला केर साठतो. घिरट मोडीत गेलं. गिरणीतून आलेला कोंडा गुरांना, कणी कोंबड्यांना आणि थोडी घरात, तूस पुढच्या वर्षीच्या चुलीला. वाया काहीच जात नाही.

त्या भागात तांबड्या जातींची नावं अजून माणसांच्या तोंडी आहेत. वालय, सोरटी ही मी घरातच ऐकली. सोरटीची पेज गडद रंगाची आणि चवीला दमदार होते. आता बरेच जण दापोलीच्या कोकण कृषी विद्यापीठाच्या सुधारित जाती लावतात, कारण पीक जास्त येतं आणि भात लोळत नाही. आमच्याकडे विकायला सुधारित आणि घरच्या पेजेपुरतं एका कोपऱ्यात तांबडं, असं चालतं. मला हा व्यवहार शहाणपणाचा वाटतो. पोट भरणाऱ्या शेतकऱ्याला कुणी जुन्या बियाण्याचं प्रवचन देऊ नये, पण ते कोपऱ्यातलं तांबडं सुटू नये असंही मनापासून वाटतं.

उकडण्याने दाण्यात नेमकं काय होतं, हे मी नंतर वाचून समजून घेतलं, आणि वाचताना त्या हंड्याबद्दल आदरच वाढला. पाणी आणि उष्णता आत शिरते तशी दाण्यातली पिष्टं (स्टार्च) फुगतात, एकमेकांना धरतात आणि वाळताना घट्ट बसतात. म्हणून दाणा कणखर होतो, गिरणीत कमी तुटतो आणि शिजायला वेळ घेतो. दुसरी गोष्ट आणखी मोलाची. कोंड्याच्या थरात असलेलं ब-१ जीवनसत्त्व भिजताना आणि वाफवताना दाण्याच्या आत झिरपतं. मग कोंडा निघून गेला तरी त्यातलं बरंचसं मागे राहतं.

याची किंमत जगाला फार वाईट रीतीने कळली. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस यंत्रावर पॉलिश केलेला पांढराशुभ्र तांदूळ सगळीकडे पसरला आणि जावा, मलाया या भागांत बेरीबेरीने माणसं मरू लागली. पाय लुळे पडायचे, अंगावर सूज यायची, हृदय थकायचं. मलायात एक गोष्ट लक्षात आली, की पांढरा तांदूळ खाणारे चिनी खाणकामगार या रोगाने पटापट पडत आहेत आणि उकडा खाणारे तमिळ मजूर बरेचसे वाचत आहेत. १९०५ साली क्वालालंपूरच्या मनोरुग्णालयात विल्यम फ्लेचर या डॉक्टरने रुग्णांचे दोन गट केले, एकाला पांढरा तांदूळ दिला आणि दुसऱ्याला हिंदुस्थानी उकडा. पांढरा खाणाऱ्यांत बेरीबेरी पसरली, माणसं दगावली. उकडा खाणाऱ्यांत तो रोग जवळजवळ दिसलाच नाही. त्यामागचं कारण फ्लेचरलाही नीट उमगलं नव्हतं. ब-१ जीवनसत्त्व शुद्ध रूपात वेगळं काढलं गेलं ते १९२६ साली, जावामध्ये. परसातल्या हंड्यापाशी उभ्या राहिलेल्या बायकांना या कशाचीच माहिती नव्हती. त्यांना एवढंच ठाऊक होतं, की उकडा टिकतो, त्याला कीड कमी लागते, आणि तो खाल्ला की माणूस उभा राहतो.

यात पेजेचं स्वतःचंही एक देणं आहे. भात वेळून घेतला तर पाण्यात उतरलेलं सगळं त्या पाण्याबरोबर निघून जातं. पेजेत पाणी ओतून द्यायचंच नसतं.

आता स्वयंपाकघरात येऊ.

आम्हा तिघांना जेवायला एक वाटी तांदूळ पुरतो, म्हणजे सव्वाशे ते दीडशे ग्रॅम. आधी ताटात पसरून निवडते. गावच्या तांदळात टरफलासकट राहिलेले भाताचे दाणे असतातच, आणि पेजेत एक जरी आलं तरी टाळ्याला चिकटून बसतं. मग दोन पाण्यांनी धुते. दोनच. तिसऱ्यांदा चोळून धुतलं तर वरचा तांबूसपणा पाण्यात जायला लागतो, आणि तो जावा असं मला वाटत नाही. धुतलेला तांदूळ तासभर भिजत ठेवते. गावाला कुणी भिजवत नाही, कारण चूल पहाटेपासून पेटलेलीच असते आणि पेज एका बाजूला आपली शिजत असते. गॅसवर मात्र भिजवल्याने वीसेक मिनिटं वाचतात. सकाळी घाई असेल तर रात्री भिजवून फ्रिजमध्ये ठेवावा.

भांडं जाड बुडाचं आणि उंच घ्यावं. पसरट पातेल्यात पाणी लवकर आटतं आणि पेज उतूही जाते. भांडं निम्म्याहून जास्त भरू नये.

एका वाटीला आठ वाट्या पाणी. थोडी पातळ आवडत असेल तर नऊ. हे पाणी आधी खळखळून उकळायला हवं, मग तांदूळ. आई याबाबतीत फार काटेकोर आहेत. "आधण येवंदे आधी," असं म्हणत माझा हात त्यांनी कितीदा तरी थांबवलाय. गार पाण्यात तांदूळ टाकून एकत्र तापवला तर दाणा बाहेरून आधी मऊ पडतो, पीठ सोडतो आणि बुडाशी बसतो. उकळत्या पाण्यात पडलेला दाणा उकळीबरोबर वरखाली फिरत राहतो, आणि सगळीकडून सारखा शिजतो.

तांदूळ टाकल्यावर एकदाच तळापासून हलवून घेते. पुन्हा उकळी आली की वर फेस चढतो, तांबूस, दाट, आणि तो बघता बघता भांड्याबाहेर येतो. तेवढी चार-पाच मिनिटं तिथून हलायचं नाही. फेस बसला की आंच मंद करून वर झाकण तिरकं ठेवते, वाफेला जागा राहील असं. आता इथून पुढे पाऊण तास पेज आपली आपण होते. मधे दोनदा-तीनदा फक्त बुडाला लागत नाही ना एवढं बघायचं. उगाच ढवळत राहिलं तर शीत मोडतं आणि सगळ्याची खळ होते.

या पाऊण तासात वास बदलतो, आणि मला तो बदल ओळखायला आवडतो. सुरुवातीला ओल्या गवताचा, जरासा उग्र वास येतो. ज्यांना सवय नसते ते याच वेळी नाक मुरडतात. अर्ध्या तासानंतर तो मावळतो आणि भाजल्या धान्यासारखा गोडसर वास घरभर होतो. त्या सुमाराला पाणी दुधाळ गुलाबी झालेलं असतं. डवलीत थोडी पेज घेऊन उंचावरून सोडली की पूर्वी पाण्याची धार सरळ तुटायची, ती आता जराशी ओढ धरून पडते. करवंटीची डवली गावाहून आणलेली आहे. तिने ढवळताना भांडं खरवडत नाही आणि दांडा तापत नाही, म्हणून पेजेला मी तीच वापरते.

शीत झालं का, ते दोन बोटांत घेऊन बघायचं. मधोमध लांबीच्या बाजूने ते उकललेलं असतं, कडा बाहेर वळलेल्या. दाबलं की सहज चेपलं पाहिजे, आत पांढरा कडक ठिपका राहता कामा नये. तो असेल तर पाच-सात मिनिटं अजून. पाणी कमी वाटलं तर शेजारच्या शेगडीवर उकळतं पाणी तयार ठेवलेलं असतं, त्यातलं घालायचं. गार पाणी घातलं की पेज आणि पाणी फुटून वेगवेगळं दिसतं आणि मग ते नीट मिळून येत नाही.

शेवटी एक काम आहे, आणि माझ्या मते पेजेची खरी चव त्यात आहे. डवलीच्या पाठीने भांड्याच्या कडेला थोडी शितं दाबून मोडायची. फार नाही, चार-पाच वेळा. मोडलेल्या शितांनी पाण्याला अंग येतं आणि बाकीची अख्खी राहतात. हे किती करायचं याचं माप नाही. आमच्या घरात बाबांना, म्हणजे सासऱ्यांना, पातळ निवळ आवडते, नवऱ्याला घट्ट. दोघांची सोय एकाच टोपातून होते. बाबांना वरची वाढायची, नवऱ्याला तळाची.

मीठ गॅस बंद केल्यावर. पाणी आटत असतं, त्यामुळे सुरुवातीला बरोबर वाटलेलं मीठ शेवटी जास्त होतं. शिवाय सोबत जे घ्यायचं ते खारटच असतं, तेव्हा पेजेत मीठ बेताचं. मग झाकण घट्ट लावून पंधरा मिनिटं तशीच ठेवायची. या वेळात शीत आणखी थोडं पाणी पितं, पेज जेवण्याजोगी निवते. चुलीवरून काढून लगेच वाढलेल्या पेजेला चव नसते, जिभेला नुसता चटका बसतो.

कुकरमध्ये होते का, असं मला पुष्कळ जणी विचारतात. होते. भिजवलेला एक वाटी तांदूळ, पाच वाट्या पाणी, कुकर निम्म्यापेक्षा कमी भरलेला, थेंबभर तेल. मोठ्या आंचेवर एक शिट्टी आली की बारीक करून वीस मिनिटं. दाब पूर्ण उतरल्यावरच उघडायचा, नाहीतर पेज झाकणातून बाहेर उडते. मग तीन वाट्या उकळतं पाणी घालून दहा मिनिटं उघड्यावर उकळायची. कामाच्या दिवशी मीही अशी करते. हा शेवटचा उघड्यावरचा उकाळा मात्र चुकवू नये, त्याशिवाय शीत आणि पाणी एकजीव होत नाही.

तांदूळ कुठे मिळतो, तर पुण्या-मुंबईत कोकणचा माल ठेवणाऱ्या दुकानांत उकडा मिळतोच. दाणा जाड, तांबूस, मधेमधे गडद रेघा असलेला बघून घ्यावा. मूठभर घेऊन नाकाशी न्यावा. आंबट किंवा कुबट वास आला तर तो नीट वाळलेला नाही, घेऊ नये. पांढरा, लांबट, काचेसारखा दिसणारा उकडा मोठ्या गिरण्यांतून येतो. तो इडलीला चांगला, पेजेला नाही. आमच्या बाबांच्या आठवणीत, कोकण रेल्वे १९९८ मध्ये पूर्ण सुरू होण्याआधी, मुंबईच्या नातेवाइकांची उकड्याची पोती एसटीच्या टपावरून जायची. गिरणगावातल्या खोल्यांमध्ये राहणाऱ्या कितीतरी कामगारांची सकाळ त्या पोत्यावर चालली. शहरातही पेज पाळीवर जाणाऱ्या माणसाचंच जेवण होती.

आता सोबत काय. खरं तर यावर वेगळं लिहावं इतकं ते मोठं आहे. मला सगळ्यांत आवडतो तो खारातला आंबा. एप्रिलात कोवळ्या कैऱ्या देठासकट, डाग नसलेल्या निवडून, पुसून, मिठाच्या पाण्यात बरणीत घातलेल्या असतात. पावसाळ्यापर्यंत त्या सुरकुततात आणि आत मऊ होतात. अशी एक कैरी वाटीत हाताने कुस्करायची, कोय बाजूला काढायची, त्यात हिरवी मिरची चुरडायची, हिंगाची चिमूट आणि खोबरेल तेलाचा थेंब. बस. गोव्यात याच तऱ्हेने तोरं, म्हणजे कोवळ्या कैऱ्या, घालतात आणि तिथेही ती पेजेबरोबरच जातात. पेजेचा घास, बोटाच्या टोकावर एवढंसं हे तोंडीलावणं, पुन्हा पेज.

मासे खाणाऱ्यांना सुकी मासळी हवीच. सुक्या जवळ्याची किंवा सुंगटांची, म्हणजे कोळंबीची, किसमूर करते: सुंगटांची डोकी-शेपट्या काढून तव्यावर कोरडीच कुरकुरीत भाजायची, ओलं खोबरं, बारीक कांदा, लाल तिखट आणि भिजवलेल्या कोकमाचा कोळ हाताने एकत्र चुरायचा, आणि सुंगटं अगदी वाढताना त्यात मिसळायची, म्हणजे मऊ पडत नाहीत. आदल्या रात्रीची आमटी आटवून घट्ट केलेली असली तर तीही उत्तम. काळ्या वाटाण्याची उसळ, भाजलेला पापड, लसणीची चटणी, ज्या दिवशी जे असेल ते. काहीच नसेल तर कांदा फोडून आणि हिरवी मिरची मिठात चेचून. ओलं खोबरं असलं तर मूठभर किसून पेजेतच घालते, त्याने ती थोडी गोडसर आणि भरीव होते. तुपाचा मोह इथे आवरावा. तूप गुरगुट्याला शोभतं, उकड्याच्या पेजेची मातकट चव त्याखाली झाकली जाते.

गावाला पेज जेवायला फणसाचं पान मिळायचं, दुमडून काडीने टाचलेलं. केरळातही कंजी अशाच पानाने खातात. त्या पानाला तोंडाला लावल्यावर धातूची चव येत नाही आणि शितं बरोबर उचलली जातात. पुण्यात मी स्टीलचाच चमचा वापरते.

गिरणीतून आलेल्या कणीचीही पेज होते, आणि ती अर्ध्या तासात. दात नसलेल्या म्हाताऱ्यांना, नुकतं खायला लागलेल्या मुलांना ती बरी. आजाऱ्यालाही पेज द्यावीच, ती पचते आणि पाणी पोटात जातं, याबद्दल माझं काही म्हणणं नाही. माझं म्हणणं एवढंच आहे, की धडधाकट माणसाने ती नाकारू नये.

उरलेली पेज दुपारपर्यंत खिरीसारखी घट्ट होते. दमट हवेत शिजलेला भात तासन्‌तास उघड्यावर ठेवणं बरं नाही, म्हणून ती मी निवल्याबरोबर फ्रिजमध्ये टाकते आणि संध्याकाळी उकळतं पाणी घालून चांगली खदखदू देते. कधी त्यात ताक घालून वरून मोहरी, कढीपत्ता, सुक्या मिरचीची फोडणी देते. आईंना हे पसंत नाही, पण त्या येतात तेव्हा वाटीभर घेतात.

मुलगी आता नोकरीला लागली. तिला सकाळी साडेसातला निघावं लागतं आणि अकराला भूक लागते. ती रुंद तोंडाच्या थर्मासमध्ये पेज नेते. त्यासाठी दोन गोष्टी लक्षात ठेवायच्या. थर्मास आधी उकळत्या पाण्याने तापवून घ्यायचा, आणि पेज नेहमीपेक्षा वाटीभर जास्त पाण्याची ठेवायची, कारण बंद थर्मासमध्ये शीत आणखी फुगतं आणि अकरापर्यंत ती बरोबर जेवण्याइतकी होते. खारातल्या आंब्याची डबी वेगळी.